शेपटीतला दिवा

गल्लीत सगळे त्याला झगमग म्हणत. कॉम्प्युटरवर चित्रं करायची आणि ती दिव्यांच्या पाटीवर हलती करायची, हे त्याचं काम. बायकोच्या धाकट्या भावालाही त्यानंच हाताला धरून ते शिकवलं होतं.

तीन महिने डोळे फोडून झगमगनं एक पोहणारा मासा केला. अजून कुठेच लावलेला नव्हता. घरच्या जुन्या पाटीवर माशाच्या शेपटीतला एक दिवा मात्र भलताच फडफडायचा. वैतागून त्यानं प्रोग्राममध्येच तो बंद करून टाकला आणि विसरून गेला.

एका दुपारी मेहुणा तोंड पाडून आला.

"दाजी, थिएटरवाले डोकं खातायत. नवीकोरी पाटी, आणि एक दिवा पेटतच नाही. तीनदा बदलला, वायर बदलली. काय करू?"

"कुठला दिवा?"

"माशाच्या शेपटीतला."

झगमगचा हात माउसवरच राहिला.

"मासा कुणी केला?"

"मीच की!" मेहुणा छाती काढून म्हणाला. "मान मोडेपर्यंत बसलो होतो."

आतून बायकोनं विचारलं, "भाऊ आलाय ना? चहा टाकू?"

"टाक," झगमग म्हणाला. "तुझ्या भावाची मान दुखतेय."

मग मेहुण्याकडे वळून तो हळूच म्हणाला, "जन्मभर दिवे बदललेस तरी तो पेटायचा नाही. तो मी बंद केलाय. बाकी सगळा मासा नेलास ना? तेवढा अंधार माझा राहू दे."