साठेखतातली विहीर

ओल्या काथ्याचा वास आला की माझं डोकं अजून तापतं. मांडवीला आमच्या शेजारी गलबतावरचे एक तांडेल राहत. त्यांनी आपली नारळीची बाग वडिलांना विकण्याचं साठेखत केलं, आणि बागेबरोबर विहीरही जाते हे सही झाल्यावर त्यांच्या लक्षात आलं. त्या विहिरीवर दोन्ही घरं पाणी भरत. "विहीर तेवढी वगळा, बाग घ्या," ते काकुळतीने म्हणाले. खरेदीखत करून मिळावं म्हणून वडिलांनी दावा लावला. निकालाच्या दिवशी बंदरात आगबोटीचा भोंगा वाजत होता. तो थांबल्यावर जज्जसाहेबांनी वडिलांना विचारलं, "खरेदीखताचा हुकूम दिला, तर यांना पाणी भरू द्याल?" आमच्या वकिलांनी मागून वडिलांचा कोट ओढला. नुसतं हो म्हणायचं होतं. वडील म्हणाले, "साठेखतात तसं लिहिलेलं नाही." जज्जसाहेबांनी हुकूम नाकारला; दिलेला विसार परत मिळाला, दावा गेला. दुसऱ्या सकाळी आई मान खाली घालून घागर घेऊन गेली, तर तांडेलांची बायको रहाटाला काथ्याचा नवा दोर बांधत होती. "जुना तुटायला आला होता वहिनी, तुमचा हात कापला असता," ती म्हणाली. वडील मरेपर्यंत तेच पाणी प्याले, आणि कोर्टाने अन्याय केला म्हणून मरेपर्यंत सांगत राहिले. मीही मुकाट्याने ऐकत राहिलो, याचा राग आता जास्त येतो.