डिसअब्यूज म्हणजे शिवी न देणे

जन्मभर मी अकोल्यात पोरांना इंग्रजी शिकवलं, आणि एका शब्दाचा अर्थ मला आजतागायत कळलेला नाही. कोशात दिलेला अर्थ मला तोंडपाठ आहे, त्याचं काही नाही. पण कोश खरा धरला तर आमच्या घरात जे घडलं ते खोटं ठरतं, आणि घरातलं खरं धरलं तर कोश चुकतो. शब्द आहे डिसअब्यूज. वर्गात कुणी तो विचारला की मी पुढचा धडा काढायला सांगायचो. पोरं म्हणत, मास्तर तापट आहे. आहेच मी तापट. मायवर गेलोय.

आईला आम्ही माय म्हणायचो आणि बापाला बा. आमचं घर अमरावतीच्या वेशीबाहेर, भातकुलीच्या वाटेवर. एक विहीर, भाजीचा मळा, थोडी शेवंती आणि जामाची बाग. जाम म्हणजे पेरू, हे पुण्याकडच्या माणसाला सांगावं लागतं. बाग बाची, पण राज्य मायचं. जाम आणि फुलं टोपलीत घालून ती अंबादेवीच्या वाटेवर बसायची. तिच्या तोंडाची कीर्ती अशी की काही गिऱ्हाइकं तिच्या शिव्या ऐकायला मुद्दाम घासाघीस करायची. आमच्या वऱ्हाडात शिवी म्हणजे दरवेळी शिवीच असते असं नाही. माय ज्याला "मुडदा बशिवला तुहा" म्हणायची, त्याच्या टोपलीत हटकून एक जाम जास्त पडायचा. जिथे ती गोड बोलायची, तो माणूस तिच्या मनातून उतरला असं खुशाल समजावं.

अठराशे साठानंतरची ती वर्षं. सातासमुद्रापलीकडे अमेरिकेत लढाई जुंपली होती, तिकडचा कापूस विलायतेला जाईना, म्हणून आमच्या काळ्या मातीतल्या कापसाला सोन्याचा भाव आला. हे मला पुढे कळलं. बाची समजूत निराळीच होती. त्याचं म्हणणं असं की विलायतेच्या लोकांना इतकी वर्षं चांगला कापूस कशाला म्हणतात तेच ठाऊक नव्हतं, ते आता ठाऊक झालं.

"एकदा वऱ्हाडाचा कापूस त्याइच्या आंगाले लागला," तो सांगायचा, "आता त्याइले दुसरा थोडीच चालते!"

हे तो अशा थाटात सांगायचा, जणू विलायतेत त्याची सोयरीकच होती. गावात सगळेच तेव्हा असे बोलत. ज्वारी मोडून लोकांनी पऱ्हाटी लावली होती. पऱ्हाटी म्हणजे कापसाचं झाड. बाने ठरवलं की जामाची बाग तोडायची आणि तिथेही पऱ्हाटी लावायची.

"पऱ्हाटी खाता येते का?" माय विचारायची.

"पऱ्हाटी इकून जाम खाता येते."

"मुडदा बशिवला त्या पऱ्हाटीचा! आन् तिचं आयकनाऱ्याचाबी!"

हे रोजचं झालं होतं. बाने कुऱ्हाडीला धार लावून आणली आणि विहिरीच्या काठाला टेकवून ठेवली. रोज सकाळी तो तिच्याजवळ जायचा, मायच्या शिव्या खायचा आणि मोट हाकायला निघून जायचा. कुऱ्हाड आपली तिथेच. मायचं तोंड सुरू होतं तोवर बागेला धक्का लागणार नव्हता, हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. मला वाटतं, बालाही माहीत होतं.

अशात एक साहेब आला. कापूस कसा पिकतो ते बघत तो गावोगाव फिरत होता, आणि त्याचा दुभाषा म्हणून बरोबर होता माझा भाटवा, म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचा नवरा. भाटवा कचेरीत कागदांच्या नकला करायचा. लिहिलेलं इंग्रजी त्याला बरं यायचं. बोललेलं इंग्रजी त्याने फारसं ऐकलंच नव्हतं, आणि या साहेबाचं तर निम्मं बोलणं मिशांतच राहायचं. पण इंग्रजी जाणणारा जावई साऱ्या आळीत आमचाच. मीही तेव्हा अकोल्याच्या इंग्रजी शाळेत होतो, मिसरूड फुटलं होतं, आणि सुट्टीला घरी आलो होतो.

मायने साहेबाला जाम दिला. त्याने तो बाहीला पुसला आणि उभ्याउभ्या खाल्ला. मग त्याची नजर कुऱ्हाडीवर गेली. ही कशाला, असं त्याने विचारलं. भाटव्याने बाला विचारलं, आणि बाने छाती काढून आपली सगळी समजूत सांगितली. विलायतेला आमच्या कापसाची कशी गोडी लागली आहे, ती आता कशी सुटणार नाही, म्हणून ही बाग कशी जाणार. भाटव्याने ते इंग्रजीत नीट सांगितलं. साहेब हसला नाही. त्याने झाडांकडे पाहिलं, बाच्या तोंडाकडे पाहिलं आणि भाटव्याला म्हणाला, "डिसअब्यूज हिम, विल यू?" मग घोड्यावर बसून तो पुढच्या शेताकडे निघाला.

"काय म्हने साहेब?" बाने विचारलं.

भाटवा ओठांतल्या ओठांत तो शब्द घोळवू लागला. त्याच्या डोक्यात काय चाललं होतं ते मला पक्कं माहीत आहे, कारण माझ्याही डोक्यात तेच चाललं होतं. अब्यूज म्हणजे शिवी, हे आम्ही दोघेही घोकून बसलो होतो. डिस लागला की उलटं. ओबे म्हणजे ऐकणं, डिसओबे म्हणजे न ऐकणं. तर मग?

"साहेब म्हनते," भाटवा सासऱ्याकडे हात करून म्हणाला, "मामाजीले शिवी देऊ नोका."

माझंही उत्तर तेच आलं होतं. जुळलं म्हणून मला केवढा आनंद झाला!

बा तर फुलूनच गेला. मायकडे वळून म्हणाला, "आयकलं का व? साहेबाचा हुकूम आहे. आजपासून मले शिवी नाही द्यायची."

माय काहीतरी बोलणार होती. पण समोर जावई उभा. जावयाचा शब्द आमच्याकडे खाली पडू देत नाहीत. तिने दूर जाणाऱ्या घोड्याकडे पाहिलं, टोपली डोक्यावर घेतली आणि बाजाराला गेली. रात्री तिने बाला वाढलं, "आनखी भाकर घ्या नं" म्हणाली. इतकं गोड ती बाशी कधी बोलली नव्हती. मला ते चमत्कारिक वाटलं. बाला ते जिंकल्यासारखं वाटलं असावं. दुसऱ्या दिवशी कुऱ्हाड चालली.

अकोल्याला परतल्यावर मी ही गोष्ट फुशारकीने वर्गात सांगितली, की एका साहेबाने माझ्या बापाला डिसअब्यूज करायचा हुकूम दिला. आमचे मास्तर पुण्याचे. माझ्या "मले-तुले"ला ते रोज हसायचे. त्या दिवशी हसले नाहीत. सगळी हकीकत त्यांनी पुन्हा सांगायला लावली आणि मग विचारलं, "झाडं तोडली का रे?"

मग त्यांनी शब्द उलगडला. डिसअब्यूज म्हणजे माणसाच्या डोक्यात बसलेली चुकीची समजूत काढून टाकणं. शिवीचा त्यात काही संबंध नाही. साहेब भाटव्याला सांगत होता की बाबा रे, याचा गैरसमज दूर कर, ही तेजी लढाई आहे तोवरची. मी विचारलं, हे एवढं सगळं त्या एका शब्दात? मास्तर म्हणाले, एकच का, अजून आहेत. अनडिसीव्ह, म्हणजे कुणी फसवलं असेल तर त्या फसवणुकीतून बाहेर काढणं. डिसएन्चांट, म्हणजे भूल उतरणं. पहिल्या दोहोंत माणसाने आभार मानायचे, तिसऱ्यात हळहळायचं. आणि मराठीत काय, असं मी विचारल्यावर त्यांनी फळ्यावर लिहिलं, भ्रमाचा भोपळा फुटणे. मी भोपळे पिकवणाऱ्या घरातला. भ्रमाने फुटलेला भोपळा मी तरी पाहिला नव्हता, पण उतरवून घेतलं.

डोकं अगदी भणाणून गेलं. रेल्वेकडे कापूस टाकून रिकाम्या परतणाऱ्या एका बैलबंडीत बसून मी शिमग्याला अमरावती गाठली. वाटभर एकच विचार करत होतो. बाला कोणता शब्द लागू पडतो? त्याला फसवलं कुणी? कुणीच नाही. साहेबाने सांगितलं ते खरं, भाटव्याने सांगितलं ते प्रामाणिकपणे. भूल म्हणावी, तर ती बाने आपली आपणच घालून घेतलेली. आणि ती आता उतरवायची कुणी? मी?

बागेत नुसते बुंधे होते. मी आधी मायला गाठलं आणि मास्तरांनी सांगितलेलं सगळं तिला सांगितलं. तिने शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हंजे मी जे सांगून राहिली होती, तेच साहेब सांगून राहिला होता?"

"हो."

"मंग मले गप कोनं केलं?"

मी म्हणालो, "बाले सांगू का?"

"झाडं तं गेली. आता सांगून जवायाचं तोंड काहून पाडतं? आपली पोरगी त्याच्या घरी आहे." मग म्हणाली, "आन् तुह्या बाले तरी काय सांगशीन? सुखात आहे तो."

तो सुखात होता का, हे मला तेव्हा कळलं नाही आणि आजही नक्की सांगता येत नाही. शिमग्याला शिव्या देणं हा तर धर्मच. सगळी आळी बोंबा मारत होती, सुना सासऱ्यांना ऐकवून घेत होत्या. बा दारात येऊन मायला म्हणाला, "शिमगा आहे व आज." ती "हो, आहे" म्हणाली आणि पुरणाचं पातेलं खाली उतरवू लागली. मला बाची दया आली, आणि रागही आला. मग तो दुसऱ्याच कुणाच्या दारात बोंब मारायला निघून गेला.

बागेत पऱ्हाटी आली, बोंडं फुटली. जामाचे बुंधे मात्र मरेनात. मुळांतून कोवळे फुटवे निघायचे आणि बा येताजाता ते मोडून टाकायचा, पऱ्हाटीला जागा हवी म्हणून. माय आता नुसती फुलं घेऊन बाजारात बसायची. नीट बोलून नीट विकायची. तिची जुनी गिऱ्हाइकं हळूहळू दुसरीकडे वळली.

मग ती लढाई संपली. कुणी कुणाला हरवलं ते आमच्याकडे कुणाला ठाऊक नव्हतं आणि कुणी विचारलंही नाही. भाव असा कोसळला की लोक एकमेकांशी बोलेनासे झाले. मी घरी आलो तेव्हा कापूस वेचायला झाला होता, पण वेचणाऱ्या बाया कुणी बोलावल्या नव्हत्या. बा सकाळपासून बागेत जाऊन एका बुंध्यावर बसला होता. जेवायला आला नाही. मायने भाकर-पिठलं फडक्यात बांधलं आणि ती निघाली. काय होईल या भीतीने मीही मागोमाग गेलो.

बाने तिला येताना पाहिलं आणि मान खाली घातली.

"विलायतेले आपला कापूस नाही पायजे म्हने," तो म्हणाला. मग म्हणाला, "दे आता शिवी. जेवढ्या असतीन तेवढ्या दे."

मायने फडकं सोडून त्याच्यासमोर ठेवलं. "कशी देऊ? साहेबाचा हुकूम आहे नं."

शब्दाचा खरा अर्थ तिला माहीत होता. मीच सांगितला होता. तरी ती असं का म्हणाली? तो टोमणा होता, की त्याला वाचवणं होतं, की अजूनही न गेलेला राग? तिच्या चेहऱ्यावरून मला काही कळेना. बाला काय कळलं देव जाणे. भाकरीला त्याने हात लावला नाही. बसल्याबसल्या त्याचा हात सवयीने बुंध्याच्या एका कोवळ्या फुटव्याकडे गेला, मोडायला.

"हात लावून पाहा त्याले!" माय कडाडली. "मुडदा बशिवला तुमचा! अक्कल शेन खाऊन राहिली का? एवढं झालं तरी डोळे नाही उघडत?"

विहिरीवरचे कावळे उडाले. शेजारच्या शेतातली माणसं उभी राहून पाहू लागली. ती थांबेना. किती दिवसांचं साठलेलं सगळं बाहेर येत होतं, पऱ्हाटीचा, विलायतेचा, साहेबाच्या घोड्याचा, सगळ्यांचा उद्धार झाला. फक्त जावयाचं नाव तिने घेतलं नाही. मी रडत होतो आणि मला हसूही येत होतं.

बाने हात मागे घेतला. मग भाकर ओढली आणि ती शिव्या देत असतानाच तो जेवू लागला.