मामांनी तीनदा विचारलं

इथले अनुभव मी तीनेक वर्षं वाचतेय, कमेंट मात्र कधीच केली नाही. खरं सांगायचं तर बहुतेक वाचून मनातल्या मनात त्यातल्या चुका शोधायचे. स्वतःच्या अनुभवातही चूक खूप शोधली... सापडली नाही, म्हणून लिहितेय.

आधी थोडं माझ्याबद्दल. मी नांदेडला इंग्लिश मीडियममध्ये शिकले. मैत्रिणी कमी होत्या. नववीत असताना मी एक राज्य तयार केलं – नकाशा, घराणी, सगळं. तिथल्या राजघराण्याची एक वेगळी भाषा होती. ती रोजच्या बोलण्यासाठी नव्हती, फक्त गादी सोपवताना वापरायची. राजा अंथरुणाला खिळला की वारस दाराच्या चौकटीला हात लावून उभा राहतो. राजा विचारतो, "ओरेन ता हील्मा व्हेस?" – माझं दार कोणी धरलंय? वारसाने तीन शब्दांत उत्तर द्यायचं, की राजाचा प्राण सुटतो. तीनदा विचारूनही उत्तर आलं नाही, तर राजाला जाता येत नाही.

हे सगळं एका वहीत आहे. वही माझ्या कपाटात, कुलपात. ती भाषा मी कधी मोठ्याने उच्चारलीसुद्धा नाही, एकटी असतानाही नाही. लाज वाटायची.

गेल्या वर्षी फेब्रुवारीत मामांना पॅरालिसिसचा झटका आला. मामा हट्टा गावचे, वसमत तालुक्यातले. हळदीची शेती, शिक्षण चौथीपर्यंत. मला 'इंग्लिश मेडम' म्हणून चिडवायचे. दवाखान्यातून घरी आणल्यावर अकरा दिवस त्यांच्या तोंडून एक शब्द निघाला नव्हता. आई तापाने झोपली होती, म्हणून मी एकटीच भेटायला गेले.

दुपारचे चार वाजले असतील. अंगणात शिजवलेली हळद वाळत पडली होती, घरभर तोच वास. मामी मामांच्या उशाशी बसली होती, दत्तादादा – त्यांचा मुलगा – पायाशी. मी सवयीप्रमाणे आत न जाता दारातच थांबले, चौकटीला हात लावून. मामांनी मान वळवली. माझ्याकडे बघितलं आणि स्पष्ट म्हणाले,

"ओरेन ता हील्मा व्हेस?"

माझ्या वहीतला प्रश्न. नुसते शब्द नाही... कुठे थांबायचं, कुठे आवाज खाली आणायचा, तेसुद्धा माझ्या डोक्यात होतं तसंच.

"बोलले! अगं माय, बोलले!" मामी रडायलाच लागली. "काय म्हणून राहिले रे दत्ता?"

"इंग्लिश हाय ते," दादा हसत, डोळे पुसत म्हणाला. "भाचीला बघून इंग्लिश फुटलं पप्पाला! चौथी नापास माणूस, बघ."

"मग तू काहून गप हायस?" मामी माझ्याकडे वळली. "तुला कळतंय ना? दे की जबाब त्याइला."

मामांनी दुसऱ्यांदा विचारलं. दादाने घाईघाईने मोबाइल काढून रेकॉर्डिंग सुरू केलं.

उत्तर माझ्या जिभेवर होतं. मी ते मुद्दाम गिळलं. मामी आणि दादा आशेने बघत होते, आणि त्या घरात एकट्या मला माहीत होतं की उत्तर दिल्यावर काय होतं... निदान वहीत काय होतं. चौकटीवरचा हात काढून घ्यायचं तेव्हा सुचलंच नाही.

"अगं बोल ना! एवढ्या फिया भरून शिकली, अन् आता तोंडात मूग धरलेत का?"

"मला नाही कळलं, मामी," मी म्हणाले. धडधडीत खोटं.

तिसऱ्यांदा विचारताना मामांचा आवाज अगदी बारीक झाला होता. आज्ञा नव्हती, विनंती होती. मी खाली बघत राहिले. बऱ्याच वेळाने मान वर केली, तर त्यांनी तोंड भिंतीकडे फिरवलं होतं.

त्यानंतर मामा एक शब्दही बोललेले नाहीत.

दादाने पाठवलेलं रेकॉर्डिंग माझ्याकडे आहे. वही काढून ताडून बघितलं. बरोबर तेच आहे. मामा आमच्या घरी शेवटचे आले, तेव्हा मी तिसरीत होते, वही जन्मालाच आली नव्हती. झोपेत बडबडले असेन म्हणावं, तर ऐकायला त्या घरात मी कधी मुक्कामालाच राहिले नाही.

याला आता दीड वर्ष होईल. मामांच्या पाठीला जखमा झाल्यात. दोनदा न्यूमोनिया झाला. दोन्ही वेळा डॉक्टरांनी "नातेवाइकांना बोलवून घ्या" सांगितलं, आणि दोन्ही वेळा मामा राहिले. डॉक्टर म्हणतात, चिवट माणूस. मामी म्हणते, जीव अडकलाय. तिने सगळे नातेवाईक बोलावून झाले, मामांच्या आवडीचं सगळं त्यांच्या ओठांना लावून झालं. परवा फोनवर म्हणाली, "कुणाची वाट बघून राहिले, काय माहीत. लई तकलीफ हाय गं त्याइला. बघवत न्हाई आता."

मी म्हणाले, रविवारी येते.

कमेंटमध्ये ते तीन शब्द विचारू नका, मी इथे टाइप करणार नाही. योगायोग असेल तर म्हटल्याने काहीच होणार नाही. आणि नसेल, तर त्या दिवशी मी मामांना वाचवलं की अडकवून ठेवलं, ते रविवारी कळेल. काल रात्रीपासून तेच शब्द मनात म्हणून बघतेय... ओठ मात्र अजून उघडलेले नाहीत.