खोका रिकामा पाठवायचा नाही

थोंगयोंग बंदरातल्या मासळीबाजारामागे थर्मोकोलच्या खोक्यांचं एका कंपनीचं गोदाम होतं आणि गेली तीस वर्षं ते मालजाकाकू सांभाळत होत्या. "जन्मभर हवा विकली," असं त्या स्वतःच सांगायच्या. गोदाम म्हणजेच त्यांचं जग. घरी नवरा होता, पण तो टीव्हीचा होता.

एका सकाळी सोलच्या मुख्य कचेरीतून ब्यन नावाचा तरुण अधिकारी लॅपटॉप घेऊन आला. साऱ्या दक्षिण किनाऱ्यावर खोक्यांची मागणी चढत होती, आलेखात फक्त थोंगयोंगची रेघ तीन वर्षं खाली चालली होती. पटण्याजोगं कारण मिळालं नाही, तर महिनाअखेरीला गोदामाला कुलूप.

काकूंनी त्याला बसायला एक खोका उपडा करून दिला.

"लोक मासे खाईनासे झालेत का, काकू?"

"काय बोलता साहेब! इथली मांजरंसुद्धा ढेकर देतात."

"मग खोके का खपत नाहीत?"

खरं कारण काकूंना ठाऊक होतं, आणि पाप त्यांचंच होतं. तीन वर्षांपूर्वी त्यांनी सांगजू गावच्या विहीणबाईंना खोकाभर कालवं पाठवली. आलेलं भांडं रिकामं परत करायचं नाही, ही तिथली रीत. विहीणबाईंनी त्याच खोक्यात सुकवलेली पर्सिमनची फळं भरून पाठवली. आता विहिणीपुढे हार कोण मानणार? काकूंनी सुकी मांदेली धाडली. तिकडून तिळाचं तेल आलं. खोका जाऊन-येऊन कुरियरच्या चिठ्ठ्यांनी मढून गेला. काकूंनी त्याची बाजारभर फुशारकी मारली, आणि मग ईर्ष्येने घरोघरच्या बायकांनी आपापल्या विहिणींशी तोच खेळ मांडला. नवा खोका घेतो कोण?

शेवटी काकूंनी सगळं सांगून टाकलं.

ब्यनने कपाळाला हात लावला. "अहवालात काय लिहू? विहिणींमुळे मागणी घटली?"

"लिहा की! वर माझा फोटो डकवा."

त्याने 'बाजारातील स्पर्धा' असं लिहिलं. गोदाम बंद झालं. शेवटच्या दिवशी कुलूप लावताना काकू भर रस्त्यात हमसून हमसून रडल्या. त्यांना फार वाईट वाटलं होतं आणि ते लपवायची त्यांना गरज वाटली नाही.

आठवड्याने मुख्य कचेरीकडून निरोपाची भेट आली. डबाबंद मांस, सोबत संचालकांचं छापील पत्र, आणि हे सगळं नव्याकोऱ्या थर्मोकोलच्या खोक्यात.

काकूंनी खोका धुतला, उन्हात वाळवला आणि त्यात आंबवलेल्या मांदेलीची बरणी ठेवली. झाकण लावलेलं असूनही वासाने नवरा टीव्हीसमोरून उठून आला.

"अगं, त्यांनी तुला घरी बसवलं, आणि तू त्यांना खाऊ पाठवतेस?"

"मग, खोका काय रिकामा पाठवू?" काकू चिकटपट्टी दाताने तोडत म्हणाल्या. "आता पाळी त्यांची. बसू देत भरत जन्मभर."