आईची ओटी आणि बिनविरोध गाव

मी कळंबच्या एका कॉलेजात राज्यशास्त्र शिकवते. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला बहुलवाद आहे. राज्य म्हणजेच सगळा समाज असं नसतं, माणसांच्या नाना संघटना असतात, सत्ता त्यांच्यात वाटली जाते, एकीनं ओढलं की दुसरी अडवते, म्हणून सगळं कोणा एकाच्या हातात जात नाही, असं मी फळ्यावर गोल काढून सांगते. गोल छान येतात मला. एकदा मागच्या बाकावरच्या पोरानं विचारलं की मॅडम, आमच्या गावात सगळ्या गोलांत एकच माणूस बसलेला आहे, मग परीक्षेत काय लिहायचं? मी म्हटलं, परीक्षेत बहुलवाद लिही. वर्ग हसला, मीही हसले.

आता तो धडा शिकवताना तोंड कडू होतं. कारण माझं माहेर.

माहेर कळंबपासून स्कूटीवर जाण्याइतकं जवळ आहे. आई तिथं एकटी राहते. वडील गेले तेव्हा मी शाळेत होते. आई अंगणवाडीत मदतनीस झाली, खिचडी शिजवू लागली, आणि निम्मं गाव तिच्या हातचं जेवून मोठं झालं. गाव तिला काकू म्हणतं. मान देतं, पण तो मान दारापर्यंतचा. बारसं असो, डोहाळजेवण असो, पोळ्या लाटायला काकू पाहिजे आणि ओटी भरायची वेळ आली की काकू चुलीपाशी. तिला कोणी ऊठ म्हणत नसे. तीच उठून जाई. लग्नानंतर मी माहेरी आले की त्याच घरांत मला पाटावर बसवून ओटी भरत, आणि आतून आईचा कपबश्या विसळल्याचा आवाज येई. मला स्वतःला कुंकवाचं काही पडलेलं नाही. पण त्या आवाजानं माझ्या डोक्यात तिडीक जायची.

मध्यंतरी ग्रामसभेनं ठराव केला की यापुढे गावात विधवांना सगळा मान मिळेल. पेपरात फोटो आला. फोटोत सगळे पुरुष होते. संक्रांतीला आई नेहमीसारखी घरीच होती.

तर अशा गावात ग्रामपंचायतीची निवडणूक लागली आणि आमच्या प्रभागातली जागा महिलांसाठी सुटली. आमच्या गल्लीला नळ नाही. पाईपलाईन गावच्या विकास सोसायटीच्या चेअरमनच्या घरापर्यंत आली आणि तिथंच तिला धाप लागली. आईनं ग्रामपंचायतीच्या पायऱ्या झिजवल्या, कोणी दाद दिली नाही. मग तिनं मला फोन करून अर्जाला कोणते कागद लागतात ते विचारलं. मला हसू आलं आणि बरंही वाटलं. मी म्हटलं, आई, तू निवडून येशील असं वाटतं का तुला?

"न्हाय आले तर न्हाय," ती म्हणाली. "पर किती जणं माझ्याकडून हायेत ते तर कळंल."

एवढंच होतं तिचं. मतं पडावीत आणि मोजली जावीत. माझ्या सगळ्या पुस्तकांत याहून मोठी मागणी नाही.

अर्ज भरला आणि दोन दिवसांत कळलं की गाव बिनविरोध करायचं ठरलंय. कोणी ठरवलं, तर गावानं. गाव म्हणजे मारुतीच्या पारावर बसणारे पाच-सहा जण. बिनविरोध गावाला निधी देतो असं वरच्या पुढाऱ्यानं सांगितलं होतं. बाकी सगळ्या जागांवर एकेक नाव उरलं होतं. अडला होता फक्त आमचा प्रभाग, कारण तिथं दोन अर्ज होते, एक चेअरमनच्या बायकोचा आणि एक आईचा.

त्याच आठवड्यात येळवस, म्हणजे वेळ अमावास्या, आली. आमच्याकडे येळवशीला सगळं गाव रानात असतं. कडब्याची कोप, म्हणजे खोपटी, उभारायची, पूजा करायची, आणि भज्जी, भाकरी, आंबील घेऊन बसायचं. कोणीही कोणाच्या कोपीवर जावं, जेवल्याशिवाय कोणाला सोडत नाहीत. मला हा सण फार आवडतो. त्या वर्षी त्याचाही चिखल केला मेल्यांनी.

चेअरमन आले. आईच्या हातची आंबील प्याले आणि भावकीतले दीर म्हणून बोलले की वैनी, घरातली गोष्ट घरात ऱ्हाऊ द्या. मग तोंड पुसून सोसायटीचे चेअरमन म्हणून बोलले. मग तंटामुक्ती समितीचे अध्यक्ष म्हणून, गावात तंटा नको. शाळा समितीही तेच आणि देवस्थान समितीही तेच, त्यामुळे मुलांचं भविष्य आणि देवीची इच्छा हेही त्यांनीच सांगून टाकलं. दूध डेअरी त्यांच्या चुलतभावाची, तो शेजारी बसून मान हलवत होता. फळ्यावरचे माझे सगळे गोल एका घोंगडीवर मांडी घालून बसले होते आणि आमचीच भज्जी खात होते.

त्यांच्यासोबत दोन पक्षांचे दोन कार्यकर्ते होते. स्टँडवर दोघांचे फ्लेक्स समोरासमोर लागतात आणि एकमेकांची अब्रू काढतात. इथं एक दुसऱ्याच्या भाकरीवर ठेचा वाढत होता. मी विचारलं की तुमचा तरी एखादा माणूस उभा राहायला नको का? त्यावर दोघंही एकदमच म्हणाले की मॅडम, गावात राजकारण आणू नका. सत्तेसाठी भांडणारी माणसं मला चालतात. सत्ता वाटून खाऊन वर एकोप्याचे ढेकर देणारी माणसं पाहिली की मळमळतं.

आई सगळ्यांना वाढत राहिली. शेवटी एवढंच म्हणाली, "मतं पडू द्या की."

त्यांना वाटलं होतं म्हातारी आंबिलीसारखी पातळ असेल. ते उठून गेले. मला आईचा इतका अभिमान वाटला की मी तिथंच तिला मिठी मारली आणि तिनं मला भाकऱ्या करपतील म्हणून ढकललं.

अर्ज माघारी घेण्याच्या शेवटच्या तारखेच्या आदल्या दिवशी दुपारी पाच बायका दारात आल्या. पुढं चेअरमनची बायको, हातात झाकलेलं ताट. आई अंगणात माझ्यासोबत तुरीच्या शेंगा सोलत होती. ती गडबडून उठली, आणि सवयीनं मलाच पुढं ढकलू लागली, कारण ताट कशाचं आहे ते तिनं ओळखलं होतं. चेअरमनची बायको म्हणाली की आज लेकीची न्हाय, काकूंची वटी भरायला आलोय. गावानं ठराव केलाय, आता आपणच सुरुवात करायची.

आईचा चेहरा मी कधी विसरणार नाही. ती पाटावर बसली तेव्हा तिला पदर कसा धरायचा ते सुचेना. दुसऱ्या बायकांनी मला चहा टाकायला आत पिटाळलं. मी आधणाशी उभी राहून चिडत होते, की हे आजच कसं सुचलं यांना, आणि तरी मनाच्या एका कोपऱ्यात वाटत होतं की होऊ दे, तिच्या वाट्याला एकदा तरी येऊ दे.

चहा घेऊन बाहेर आले तर आईच्या ओटीत खण, नारळ, तांदूळ होते आणि समोर चेअरमनची बायको स्वतःचा पदर पसरून उभी होती.

"काकू, तुमची वटी भरली आमी," ती म्हणाली. "आता आमच्या पदरात तेवढी माघार घाला."

आमच्याकडे पसरलेल्या पदराला नाही म्हणत नाहीत. त्यातून जिची ओटी आत्ताच भरली, तिनं तर नाहीच. हे त्या पाचीजणींना माहीत होतं आणि त्यांना पाठवणाऱ्याला तर पक्कं माहीत होतं. नातं सांगून झालं नाही, देव पुढं करून झालं नाही, तेव्हा ज्या पाटापासून तिला इतकी वर्षं लांब ठेवलं त्याच पाटावर बसवून तिला बांधलं. मी म्हणाले की आई, ऊठ, नारळ परत दे. माझा आवाज चढला होता. आई माझ्याकडे न बघता म्हणाली, "व्हय. घेते माघार." एकीनं मोबाईलवर फोटो काढला. चहा कोणी प्यालं नाही, कामं होती म्हणे.

दुसऱ्या दिवशी चेअरमननं जीप पाठवली. आई जीपमध्ये बसली नाही, माझ्या स्कूटीवर आली. तहसीलमधल्या साहेबांनी विचारलं की स्वखुशीनं घेताय ना? आई व्हय म्हणाली आणि सही केली. गावात फटाके वाजले. संध्याकाळपर्यंत वेशीवर फ्लेक्स लागला, त्यावर सगळ्या समित्यांची तोंडं आणि वर 'एकोप्याचा विजय'. खालच्या कोपऱ्यात आईचा पाटावरचा फोटो आणि 'त्यागमूर्ती काकू'. मला थुंकावंसं वाटलं. थुंकलेही.

नळ अजून चेअरमनच्या दारातच आहे.

पुढं संक्रांत आली. मी माहेरी होते. देवळाच्या भोंग्यावरून पुकारलं की नूतन ग्रामपंचायत सदस्यांच्या घरी हळदीकुंकू आहे, गावातल्या समस्त सुवासिनींनी यावं. समस्त सुवासिनींनी. आई सुपात तीळ निवडत होती. थोड्या वेळानं माझ्या मोबाईलवर चेअरमनच्या बायकोचा फोन आला, माहेरी आल्यात तर या म्हणून. काकूंना घेऊन या असं ती म्हणाली नाही. मी विचारलंही, तर म्हणाली की त्यांना कशाला उगं तरास.

मी फोन ठेवला आणि तोंडात येईल ते बोलत सुटले. ठराव, फोटो, फ्लेक्स, सगळ्यांचा उद्धार केला. म्हटलं, आई, त्यांनी तुला फसवलं. ओटीच्या नावाखाली फसवलं.

आई म्हणाली, "फसवलं कशानं? म्या तवाच बघितलं व्हतं. तिनं हळद लावली, आन कुंकवाचं बोट नारळाला पुसलं."

मी मोबाईलवर गावाच्या ग्रुपवर आलेला तो फोटो उघडला. त्यागमूर्तीचा. बोटांनी मोठा केला. आईच्या कपाळावर फक्त हळद होती. हाच फोटो वेशीवर हाताएवढा लावलेला, सगळं गाव त्याच्याखालून जात होतं, आणि मीही कितीदा गेले होते.

"मग हो कशाला म्हणालीस?" मी विचारलं. "सही कशाला केलीस?"

आईनं सूप पाखडलं, कचरा फुंकला.

"पाच जणी व्हत्या," ती म्हणाली. "म्हनलं, हो म्हनल्यावर तरी एखादी लावंल."