मिरचीऐवजी तुरीची शेंग

एकोणीसशे साठ साल नुकतंच उलटलं होतं. त्या हिवाळ्यात सासूबाईंच्या डोळ्याचं ऑपरेशन यवतमाळला ठरलं, आणि कळंबच्या घरी त्यांचा पोपट माझ्यावर येऊन पडला.

मोतीबिंदूनं त्यांना दिसेनासं झालं, तेव्हापासून पोपट बिथरला होता. मिरची देताना त्यांचा चाचपडणारा हात त्याच्या अंगावर जाई आणि तो चावे. एकदा तर बोट चांगलंच फाटलं. माझे यजमान म्हणाले, याला आता कोणाला तरी देऊन टाकू. सासूबाई त्या दिवशी जेवल्या नाहीत. यवतमाळला निघताना माझा हात धरून एवढंच म्हणाल्या, "देऊ नको त्याले कोनाले."

त्या परत येईपर्यंत पोपटाला हातातून हळूच खायला शिकवायचं, असं मी ठरवलं. नीट घेतलं तर खाऊ, चावला तर हात मागे. मिरचीसाठी तो काहीही करायचा, त्यामुळे सुरुवात बरी झाली. मग यजमान दवाखान्यातून निरोप घेऊन आले. डोळ्याला बोटही लावायचं नाही म्हणून बजावलंय, पण मायचा हात सारखा पट्टीकडेच जातो म्हणे. मी माझ्या बोटांकडे पाहिलं. मिरचीनं ती चुरचुरत होती. हेच तिखट त्यांच्या बोटांवरून डोळ्यात गेलं असतं.

मिरची बंद केली. भिजवलेली डाळ त्यानं उधळून दिली. पेरू एकदा खाल्ला, दुसऱ्यांदा पाठ फिरवली. शेंगदाणा आवडला, पण दाणा एवढासा, चोच थेट बोटावर. माझीच बोटं सोलून निघाली. पोपट पिसं फुगवून कोपऱ्यात बसू लागला. त्या येण्याआधीच हा मेला तर त्यांना काय सांगू?

एका दुपारी मी पिंजऱ्याजवळ तुरीच्या ओल्या शेंगा सोलत बसले होते. त्यानं गजांतून मान लांबवली. मी सोललेला दाणा नाही, अख्खी शेंगच पुढे केली. एक टोक माझ्या हातात, दुसरं त्याच्या चोचीत. बोट लांबच राहिलं.

सासूबाई डोळ्यांवर हिरवं फडकं बांधून आल्या आणि आधी पिंजऱ्याकडे न्या म्हणाल्या. मी पिंजऱ्याचं दार उघडून त्यांच्या हातात शेंग दिली, टोकाला धरा म्हणून सांगितलं. यजमान दारातच थांबले होते. पोपटानं शेंग सोलून दाणे खाल्ले. मग पुढे सरकून त्यानं चोच त्यांच्या बोटावर ठेवली. मी त्यांचा हात मागे ओढायला झेपावले.

"राहू दे," त्या म्हणाल्या. "चावून नाही राह्यला तो. टेकून राह्यला."

चोचीचा आधार घेऊन त्यानं एक पाय त्यांच्या बोटावर ठेवला, मग दुसरा. सासूबाई श्वास रोखून बसल्या होत्या.

पुढे त्यांना एका डोळ्यानं धूसर दिसू लागलं. दुसरा गेलाच. तुरीचा हंगाम सरत आला, तशी मी बाजारात टोकाला धरता येतील अशा दुसऱ्या लांब शेंगा शोधत हिंडू लागले.