अंबाडीचा वाफा

उन्हाळा सरत आला की अकोल्यातले आमचे शेजारी फाटकाची कडी वाजवतात. "वयनी, कुदय अन् घमेलं द्या बरं. अंबाडीले जागा करून राहिलो." दरवर्षी हेच वाक्य, आणि 'बरं'वर तोच हेल.

परसातली काळी माती तोवर भेगाळून दगड झालेली असते. ते आदल्या संध्याकाळी तिला धुण्याचं पाणी पाजतात, सकाळी खणतात, ढेकळं मात्र हातानंच फोडतात. मग शेणखत मिसळून वर तुरीचं कुटार, म्हणजे मळणीचा भुसा, पसरतात, ओल टिकावी म्हणून. हे करताना मातीशी बोलणं चालूच असतं. "आता कावून अडून बसली तू?" घरात बोलायला दुसरं कोणी नाही.

कुदळ धुऊन परत आणतात आणि ओट्यावर टेकतात. बशीतला चहा इतका निवू देतात की त्यावर साय धरते.

गेल्या वर्षी आमरसाची वाटी द्यायला मी त्यांच्याकडे गेले, तर दाराआड कुदळ उभी. कोरी करकरीत, दांड्यावर दुकानाची चिठ्ठी तशीच. माझी नजर गेली तसे ते दारासमोर सरकले. "वाटी उद्या आनून देतो," एवढंच म्हणाले.

यंदा कडी वाजेना. मी रोज कान देऊन होते. अखेर ते आले, पण मागताना माझ्याकडे पाहिलं नाही. मी कुदळ दिली. घमेलं मोरीतच होतं.

"घमेलं सापडत नाही हो. दुपारी शोधून ठेवते."

"मंग दुपारी येतो," ते म्हणाले, आणि कडी न लावताच गेले.